फुंकायच्या टेस्टचा रिपोर्ट हातात आला, आता तो वाचायचा कसा

आईचा पहिला रिपोर्ट आला तेव्हा त्याच्या तळाशी मशीननेच छापलेली एक ओळ होती, मॉडरेट रिस्ट्रिक्शन. मी ती ओळ वाचली, नेटवर शोधलं आणि मग फायब्रोसिस, फुप्फुसं कडक होणं, असलं काय काय वाचत पहाट झाली. आईला काही बोलले नाही पण तिला माझ्या चेहऱ्यावरून कळलंच असणार. दोन आठवड्यांनी दुसरीकडे तीच टेस्ट परत केली, यावेळी टेक्निशियन बाई तिच्यासमोर उभ्या राहून अजून, अजून, सोडू नका, अजून असं मोठ्याने म्हणत होत्या, आणि रिपोर्ट आला तो भलताच, रिस्ट्रिक्शनचा पत्ता नाही, सरळ श्वासनळ्या आवळल्याचा. फुप्फुसं तीच, आई तीच. फरक एवढाच की पहिल्या वेळी तिने दोन-अडीच सेकंदांत फुंकणं थांबवलं होतं आणि थांबू नका असं तिला कुणी म्हणालं नव्हतं.

त्यानंतर मी हे रिपोर्ट वाचायला शिकले, डॉक्टरांना विचार विचार विचारून. मी स्वतः डॉक्टर नाही, निदान करणं तुमच्या डॉक्टरांचंच काम, पण कागदावर काय लिहिलंय ते आपल्याला कळलं तर त्यांच्यासमोर बसल्यावर नेमकं विचारता येतं आणि रात्रभर उगाच घाबरत बसावं लागत नाही. सगळ्यात महत्त्वाचं आधीच सांगते, टक्के नंतर बघा, आधी फुंकणं नीट झालंय का ते बघा.

पीएफटी म्हणजे एकच टेस्ट नाही

पीएफटी, म्हणजे पल्मनरी फंक्शन टेस्ट, हे आडनाव समजा, घरात माणसं बरीच आहेत. सगळ्यात कॉमन ती स्पायरोमेट्री, नाकाला चिमटा लावून नळीत जोरात फुंकायची. बरेचदा डॉक्टर पीएफटी लिहितात तेव्हा त्यांना तेवढीच हवी असते. दुसरी लंग व्हॉल्यूम्स, यात फुंकून झाल्यावरही आत किती हवा उरते ते मोजतात. तिसरी डीएलसीओ, हवेतला वायू फुप्फुसातून रक्तात किती नीट उतरतो ते बघणारी. तिन्ही एकत्र केल्या की त्याला फुल पीएफटी म्हणतात. अपॉइंटमेंट घेतानाच विचारून घ्या नक्की कुठली लिहिलीय, कारण वेळ आणि तयारी दोन्ही वेगळं असतं.

जायच्या आधी

पंप घेत असाल तर तो कधी बंद ठेवायचा हे आधी डॉक्टरांना विचारा, स्वतःच्या मनाने ठरवू नका. निदानासाठी पहिल्यांदा टेस्ट होत असेल तर साधारण असं असतं की सालब्युटामोलसारखा पटकन आराम देणारा पंप ४ ते ६ तास आधी बंद, दिवसातून दोनदा घ्यायचा लांब असर असणारा २४ तास, आणि दिवसातून एकदाच घ्यायचे जे असतात, टायोट्रोपियमसारखे, ते ३६ ते ४८ तास. पण उपचार लागू पडतायत का हे बघायला टेस्ट असेल तर पंप चालू ठेवूनच बोलावतात, म्हणून म्हणतेय की विचारा. आणि मधेच दम लागला तर सरळ पंप घ्यायचा, टेस्ट गेली खड्ड्यात, फक्त गेल्यावर किती वाजता घेतला ते सांगायचं.

टेस्टच्या आधी एक तास सिगारेट किंवा व्हेप नाही, एक तास जोराचा व्यायाम नाही, आठ तास दारू नाही. डीएलसीओ असेल तर त्या दिवशी सिगारेट अजिबातच नको, कारण धुरातला कार्बन मोनॉक्साइड आधीच रक्तात बसलेला असतो आणि आकडा खोटा खाली येतो. कपडे छाती-पोटाला सैल. कवळी घट्ट बसणारी असेल तर राहू द्या, ओठ नीट मिटतात, हलत असेल तर काढा. आणि हे कुणी सांगत नाही म्हणून सांगते, बाथरूमला जाऊन मग बसा, जोरात फुंकताना बऱ्याच बायकांना लघवीचे थेंब जातात आणि त्या भीतीने मग त्या पूर्ण जोर लावतच नाहीत, आईचंही पहिल्या वेळी थोडं तेच झालं होतं, तिने मला नंतर सांगितलं.

काही गोष्टी आधी सांगितल्याच पाहिजेत. गेल्या आठवड्यात हार्ट अटॅक आला असेल, डोळ्याचं किंवा कानाचं ऑपरेशन झालं असेल, महिन्याभरात छातीचं, पोटाचं किंवा मेंदूचं ऑपरेशन झालं असेल, फुप्फुसाभोवती हवा साठली असेल, खोकल्यातून रक्त पडत असेल, टीबीची शंका असेल. इतक्या जोराने फुंकताना छाती, पोट, डोळे, डोकं सगळीकडे दाब वाढतो, त्यामुळे अशा वेळी टेस्ट सहसा पुढे ढकलतात.

उंची बूट-चपला काढून तिथेच मोजून घ्या, अंदाजे सांगू नका. तुमच्या फुप्फुसात किती हवा मावायला हवी हे मशीन उंची, वय आणि स्त्री की पुरुष यावरून काढतं, त्यातली उंची चुकली की पुढचे सगळे टक्के चुकले. ही उंचीची गोष्ट जुनी आहे, १८४६ मध्ये जॉन हचिन्सन नावाच्या इंग्रज डॉक्टरने आपल्या पाण्याच्या स्पायरोमीटरवर दोन हजारांहून जास्त माणसं तपासली होती, तेव्हाच त्याने दाखवून दिलं की माणूस जितका उंच तितका श्वास मोठा. पाठीला बाक आला असेल तर दोन्ही हात आडवे पसरून लांबी मोजतात आणि त्यावरून उंची धरतात, ते झालं का बघा.

फुंकायचं कसं

ताठ बसा, पाय जमिनीला टेकलेले, हनुवटी किंचित वर. चिमटा लावला की तोंडाने श्वास घ्यायचा, थोडं गुदमरल्यासारखं वाटतं पण दोन-चार श्वासांत सवय होते. नळी दातांच्या मधे, ओठ बाजूने घट्ट, जीभ नळीच्या भोकावर येऊ द्यायची नाही. मग छाती पूर्ण भरेपर्यंत श्वास आत, अगदी आता मावत नाही इथपर्यंत, कारण अर्धवट भरून फुंकलं तर पुढचं सगळंच कमी येणार. भरला की थांबायचं नाही, लगेच एकदम धडाक्यात फुंकायचं, हळूहळू जोर वाढवत नाही, पहिल्याच क्षणाला सगळा जोर. आणि मग फुंकत राहायचं.

हे फुंकत राहणंच लोकांना जमत नाही. दोन सेकंदांनंतर वाटतं की संपली हवा, पण संपलेली नसते, विशेषतः श्वासनळ्या आवळलेल्या असतील तर शेवटची हवा अगदी बारीक धारेने येत राहते, सहा, आठ, दहा सेकंद, कधी पंधरासुद्धा. मशीनच्या स्क्रीनवरची रेघ सपाट होईपर्यंत किंवा पंधरा सेकंद होईपर्यंत दाबत राहायचं, मग बरेच ठिकाणी लगेच जोरात श्वास आत घ्यायला सांगतात, तोही पूर्ण घ्यायचा. चक्कर आल्यासारखं होतं, डोळ्यासमोर चमकतं, म्हणून बसूनच करायची. मधे विश्रांती मागायला लाजू नका.

निदान तीन चांगल्या फुंका मिळाल्या पाहिजेत आणि त्यातल्या सगळ्यात मोठ्या दोन एकमेकींच्या १५० मिलीच्या आत हव्यात. नाही आल्या तर परत, साधारण आठ वेळांपर्यंत करतात. त्यामुळे परत परत करायला लावलं तर वैतागू नका, उलट तो माणूस आपलं काम नीट करतोय. एकदाच फुंकायला लावून झालं म्हणाले तर तिथे मला शंका येते.

आकडे कुठले आणि ते काय सांगतात

रिपोर्टवर वीस-पंचवीस ओळी असतात पण तुम्हाला तीनच लागतात. एफव्हीसी, म्हणजे पूर्ण भरलेल्या छातीतून जोर लावून एकूण किती लिटर हवा बाहेर काढली. एफईव्ही वन, त्यातली पहिल्या एका सेकंदात किती निघाली. आणि तिसरा या दोघांचा रेशो, एफईव्ही वन भागिले एफव्हीसी, म्हणजे एकूण हवेतली किती टक्के पहिल्याच सेकंदात बाहेर पडली. तरुण निरोगी माणसात हा रेशो ८० च्या आसपास किंवा वर असतो आणि वयानुसार हळूहळू उतरतो, मुलांमध्ये तर ९० च्या जवळही असतो.

बाटलीचं उदाहरण मला पटलं. बाटलीचं तोंड अरुंद असेल तर पाणी हळूहळू येतं पण वेळ दिला तर बरंचसं येतं, हे ऑब्स्ट्रक्शन, दमा आणि सीओपीडी, म्हणजे श्वासनळ्या कायमच्या अरुंद होण्याचा आजार, यात येतात, इथे रेशो पडतो. बाटलीच लहान असेल तर तोंडाला काही अडथळा नाही, पाणी भसकन येतं आणि संपतं, हे रिस्ट्रिक्शन, इथे रेशो चांगला असतो, कधी वाढलेलाही, पण एकूण हवाच कमी.

आता आईचे आकडे बघा म्हणजे कळेल. तिच्या वय-उंचीला एफव्हीसी २.४० लिटर आणि एफईव्ही वन १.९० लिटर अपेक्षित होती. पहिल्या टेस्टला एफव्हीसी १.६२, एफईव्ही वन १.२८, रेशो ७९ टक्के. दोन्ही आकडे अपेक्षित आकड्याच्या ६७ टक्क्यांच्या आसपास आणि रेशो छान, म्हणजे मशीनच्या हिशोबाने बाटली लहान, छापून मोकळं झालं रिस्ट्रिक्शन. दुसऱ्या टेस्टला एफईव्ही वन १.३०, जवळपास तेवढीच, पण एफव्हीसी २.१८, कारण यावेळी ती शेवटपर्यंत फुंकत राहिली. रेशो ६० टक्के. पहिल्या सेकंदाची हवा दोन्ही वेळा सारखीच आली होती, नंतरची अर्ध्या लिटरहून जास्त हवा पहिल्या वेळी आतच राहिली होती, आणि ती न मोजल्यामुळे रेशो खोटा चांगला दिसला आणि खरा अडथळा झाकला गेला. म्हणून म्हणते की लवकर थांबलेली फुंक रिपोर्ट थोडा बिघडवत नाही, आजाराची दिशाच उलटी दाखवते.

आधी क्वालिटी, मग बाकी

त्यामुळे रिपोर्ट हातात आला की सगळ्यात आधी नाव, वय, उंची तपासा, आणि मग क्वालिटीची ग्रेड शोधा. नव्या मशीनवर एफव्हीसी आणि एफईव्ही वन दोघांना वेगवेगळी ए पासून एफ पर्यंत ग्रेड येते. ए म्हणजे तीन चांगल्या फुंका १५० मिलीच्या आत जुळल्या, बी म्हणजे जुळल्या पण चांगल्या दोनच होत्या, सी म्हणजे फरक २०० मिलीपर्यंत, डी २५० पर्यंत, त्याच्या खालच्या रिपोर्टवर फार विश्वास ठेवू नये. आईच्या पहिल्या रिपोर्टवर ग्रेड छापलेलीच नव्हती, आणि ती बघायची असते हे मला तरी कुठे माहीत होतं.

ग्रेड नसेल तर ग्राफ बघा, तो खोटं बोलत नाही. दोन ग्राफ असतात. एकात आडवा वेळ आणि उभी हवा, ही रेघ वर चढत जाऊन शेवटी सपाट व्हायला हवी, चढता चढता मधेच तुटली तर फुंकणं लवकर थांबलं. दुसऱ्यात आडवी हवा आणि उभा वेग, याला फ्लो व्हॉल्यूम लूप म्हणतात. नॉर्मल माणसाचा तो सरळ वर उसळतो, टोक येतं आणि मग जवळपास सरळ उतारासारखा खाली येतो. ऑब्स्ट्रक्शन असेल तर उतार सरळ न येता आत खचतो, झोळीसारखा, आणि जितकी झोळी खोल तितका अडथळा जास्त. रिस्ट्रिक्शन असेल तर आकार नॉर्मलसारखाच पण अरुंद, बाजूंनी चेपल्यासारखा. टोक गोल आणि उजवीकडे सरकलेलं असेल तर सुरुवात ढिली झाली. पहिल्या सेकंदात करवतीसारखे दाते दिसले तर खोकला आला. उतार मधेच कड्यासारखा सरळ खाली पडला तर लवकर सोडलं. आणि एक वेगळा प्रकार, लूप वरून किंवा खालून किंवा दोन्हीकडून छाटल्यासारखा सपाट असेल तर अडथळा बारीक नळ्यांत नसून वर घशात किंवा मुख्य श्वासनलिकेत असू शकतो, हे क्वचित असतं पण असेल तर डॉक्टरांना मुद्दाम दाखवा, नुसत्या आकड्यांत ते सहज सुटून जातं.

टक्के, एलएलएन आणि झेड स्कोअर

प्रत्येक आकड्यासमोर प्रेडिक्टेड असतं, म्हणजे तुमच्या वयाच्या, उंचीच्या निरोगी माणसाचा सरासरी आकडा, आणि तुमचा आकडा त्याच्या किती टक्के आहे ते. ही शाळेतली परीक्षा नाही की शंभरपैकी ६८ मिळाले. १०० म्हणजे सरासरी, पूर्ण मार्क नाहीत, ठणठणीत माणसाचे ९० ही येतात आणि ११५ ही. पूर्वीपासून ८० च्या खाली म्हणजे कमी असं सरसकट धरतात, पण ते तितकंसं बरोबर नाही, कारण वय वाढतं तसं निरोगी माणसांतही फरक वाढतो, आणि ८० च्या काट्यावर एखादी तब्येतीने उत्तम म्हातारी व्यक्ती आजारी ठरते.

म्हणून एलएलएन बघा, लोअर लिमिट ऑफ नॉर्मल. शंभर निरोगी माणसं घेतली तर सगळ्यात खालची पाच जिथे येतात ती रेषा. तीच गोष्ट झेड स्कोअर वेगळ्या भाषेत सांगतो, शून्य म्हणजे बरोबर सरासरीवर, उणे १.६४५ म्हणजे ती खालची रेषा. उणे १.६५ ते उणे २.५ सौम्य, तिथून उणे ४ पर्यंत मध्यम, त्याच्या खाली तीव्र, अशी पद्धत अमेरिका आणि युरोपच्या छातीरोग संघटनांनी २०२२ च्या शिफारशींत दिलीय. आधीच्या २००५ च्या पद्धतीत टक्क्यांवरून ठरवायचे, त्यात ६० ते ६९ मॉडरेट. म्हणून एकाच माणसाला एका लॅबमध्ये मॉडरेट आणि दुसरीत माइल्ड लिहून येऊ शकतं, आईचं ६८ टक्क्यांचं तसंच झालं, आजार बदलला नव्हता, मोजपट्टी बदलली होती. आणि हेही लक्षात घ्या की एलएलएनच्या किंचित खाली असणं म्हणजे आजार असं नाही, व्याख्येनेच शंभरातले पाच निरोगी तिथे असतात. लक्षणं काय आहेत ते बरोबर धरूनच बघायचं.

रेशोसाठीही दोन मोजपट्ट्या आहेत. सीओपीडीच्या गोल्ड गाइडलाइनमध्ये पंप दिल्यानंतरचा रेशो ०.७० च्या खाली असेल तर ऑब्स्ट्रक्शन धरतात, सोपा आकडा, लक्षात राहतो, पण म्हातारपणी रेशो आपोआपच उतरत असल्यामुळे वयस्क निरोगी माणसं त्यात अडकतात आणि तिशीतला माणूस ०.७२ असताना, त्याच्यासाठी ते कमी असूनही, सुटतो. तुमचं वय या दोन टोकांपैकी असेल तर एलएलएननुसार काय दिसतंय हे जरूर विचारा.

वाचायचा क्रम सांगायचा तर, आधी रेशो. कमी असेल तर ऑब्स्ट्रक्शन, आणि किती आहे ते एफईव्ही वनवरून. रेशो ठीक असेल तर एफव्हीसी बघा, ती पण ठीक असेल तर स्पायरोमेट्री नॉर्मल. रेशो ठीक आणि एफव्हीसी कमी असेल तर रिस्ट्रिक्शनची शंका, फक्त शंका. स्पायरोमेट्री रिस्ट्रिक्शन सिद्ध करू शकत नाही, त्याला टीएलसी, म्हणजे फुप्फुसात एकूण मावणारी हवा, मोजावी लागते, आणि मशीन मात्र बिनधास्त छापून देतं. रेशो आणि एफव्हीसी दोन्ही कमी असतील तर एकतर मिश्र आजार किंवा अडथळ्यामुळे हवा आत अडकून एफव्हीसी कमी दिसतेय, तिथेही टीएलसीच खरं सांगते. एफईएफ २५-७५ नावाची एक ओळ असते, बारीक नळ्यांची म्हणतात, तिचा आकडा बरेचदा लालच दिसतो, पण तो दर फुंकेला इतका हलतो की बाकी सगळं नॉर्मल असताना त्या एका ओळीवरून झोप उडवून घेऊ नका.

पंप देऊन परत

बहुतेक वेळा पहिल्या फेरीनंतर सालब्युटामोलचे चार पफ, म्हणजे ४०० मायक्रोग्रॅम, स्पेसरमधून, म्हणजे पंपाला जोडायच्या पोकळ नळीतून, देतात आणि १५ मिनिटांनी परत फुंकायला लावतात. रिपोर्टवर प्री आणि पोस्ट असे दोन रकाने येतात. थोडी थरथर किंवा धडधड होते, ती उतरते.

जुन्या नियमाने एफईव्ही वन किंवा एफव्हीसी १२ टक्के आणि २०० मिली, दोन्ही अटींनी वाढली तर पॉझिटिव्ह. नव्या नियमाने वाढ प्रेडिक्टेड आकड्याच्या १० टक्क्यांपेक्षा जास्त हवी. आईची १.३० वरून १.५२ झाली, २२० मिली, जुन्या हिशोबाने १७ टक्के आणि नव्याने २२० भागिले १९००, साडेअकरा टक्क्यांच्या वर, म्हणजे दोन्हीकडून पॉझिटिव्ह. पंपाने नळ्या उघडतायत म्हणजे दम्याकडे झुकणारं. पण पंपानंतरही तिचा रेशो ६७ च होता, ०.७० च्या खाली, मग सीओपीडी का नाही? हा प्रश्न मी डॉक्टरांना विचारला आणि त्यांनी सांगितलं की एका दिवसाच्या आकड्यावर ते ठरवणार नाहीत, आयुष्यात सिगारेट नाही, धुराचं काम नाही, लहानपणापासून शिंका आणि ऋतू बदलला की खोकला, रात्री जास्त, तीन महिने औषध घेऊन परत बघू. आकडे एकटे निदान करत नाहीत म्हणतात ते हे.

याच्या उलटही आहे. पोस्टमध्ये वाढ आली नाही म्हणजे पंप तुमच्यावर चालत नाही असा अर्थ काढून औषध बंद करू नका, त्या दिवशी नळ्या फारशा आवळलेल्या नसतील, किंवा पंप घेऊनच गेला असाल. आणि दमा असूनही दोन अटॅकच्या मधे स्पायरोमेट्री अगदी नॉर्मल येऊ शकते, यामुळे कितीतरी लोक तुम्हाला काही झालेलं नाही ऐकून घरी जातात. लक्षणं खरी असतील तर पुढे मेथाकोलिन चॅलेंज असते, थोडं थोडं औषध हुंगवून एफईव्ही वन २० टक्के पडते का बघतात, किंवा फेनो, श्वासातल्या नायट्रिक ऑक्साइडचं मोजमाप, मोठ्यांत २५ च्या खाली कमी आणि ५० च्या वर जास्त, जास्त म्हणजे स्टेरॉइडच्या पंपाला दाद देणारी सूज असण्याची शक्यता.

फुल पीएफटीचे बाकी आकडे

पूर्ण फुंकल्यावरही फुप्फुसात हवा राहते, ती आरव्ही, आणि ती धरून एकूण मावणारी हवा टीएलसी. फुंकून ती मोजता येत नाही म्हणून काचेच्या केबिनमध्ये बसवतात, दार बंद करून बारीक धापेसारखे श्वास घ्यायला लावतात आणि दाब किती बदलला त्यावरून आतली हवा काढतात. बंद जागेची भीती असेल तर आधी सांगा, दार आतून उघडता येतं का विचारा, आणि हीलियम किंवा नायट्रोजन वापरून केबिनशिवायही मोजता येतं. टीएलसी कमी तर रिस्ट्रिक्शन खरं, मग ते फुप्फुसातल्या व्रणांमुळे असेल, जास्त वजनामुळे, मणक्याच्या बाकामुळे, श्वासाचे स्नायू कमजोर झाल्यामुळे किंवा छातीत पाणी झाल्यामुळे, म्हणजे दरवेळी फायब्रोसिस नाही, मला त्या रात्री एवढं जरी कुणी सांगितलं असतं. आरव्ही वाढलेली असेल तर हवा आत अडकून राहतेय.

डीएलसीओमध्ये अगदी किंचित कार्बन मोनॉक्साइड मिसळलेली हवा एका दमात आत घेऊन १० सेकंद रोखायची आणि सोडायची. इतक्या कमी प्रमाणाने अपाय होत नाही. किती वायू रक्तात उतरला त्यावरून फुप्फुसाचा पडदा आणि त्यातल्या रक्तवाहिन्या कशा आहेत ते कळतं. एम्फिसिमा (फुप्फुसातले हवेचे बारीक फुगे खराब होणं), फायब्रोसिस, फुप्फुसातल्या रक्तवाहिन्यांचा दाब वाढणं यात तो कमी येतो, नुसत्या दम्यात सहसा नॉर्मल किंवा थोडा जास्तच. पण हिमोग्लोबिन कमी असेल तरी तो कमी दिसतो, म्हणून ताजा हिमोग्लोबिनचा आकडा बरोबर न्या आणि तो धरून दुरुस्त केलेला आकडा रिपोर्टवर आहे का बघा.

घरी पीक फ्लो

पीक फ्लो मीटर म्हणजे काटा सरकणारी छोटी प्लास्टिकची नळी, यात लांब फुंकायचं नसतं, एकच जोरदार झटका. उभं राहून, काटा शून्यावर आणून, तीनदा, त्यातला सगळ्यात मोठा लिहायचा, सरासरी नाही. सकाळ-संध्याकाळ, पंपाच्या आधी. तब्येत चांगली असताना दोनेक आठवड्यांत जो सगळ्यात वरचा आकडा आला तो तुमचा बेस्ट, बाजूचा माणूस किती फुंकतो याच्याशी काही देणंघेणं नाही. बेस्टच्या ८० टक्क्यांच्या वर हिरवा, ५० ते ८० पिवळा, म्हणजे डॉक्टरांनी लिहून दिलेली पुढची पायरी सुरू, ५० च्या खाली लाल, पंप घ्यायचा आणि लगेच हॉस्पिटल. बोलताना वाक्य पूर्ण होत नसेल, ओठ निळे दिसत असतील तर मीटर शोधत बसूच नका.

पुढच्या वेळी

सगळे जुने रिपोर्ट ग्राफसकट जपून ठेवा, नुसता शेवटच्या पानाचा फोटो नको. तुलना शक्यतो त्याच मशीनवर, त्याच सुमाराला आणि लिटरमध्ये करा, टक्क्यांत नाही, कारण वय वाढलं की प्रेडिक्टेडही बदलतं. तिशीनंतर निरोगी माणसाचीही एफईव्ही वन वर्षाला साधारण २५-३० मिलीने उतरते, ते धरून चाला. दोन टेस्टमध्ये ५०-१०० मिली इकडेतिकडे झाले तर ते फुंकण्यातलंही असू शकतं, वर्षभरात १५ टक्के फरक पडला तर तो खरा समजतात. फायब्रोसिसच्या पेशंटला मात्र एफव्हीसी १० टक्क्यांनी घटली तरी डॉक्टर गंभीरपणे घेतात, तिथे थांबून बघू म्हणायचं नाही.

डॉक्टरांकडे जाताना मी चार प्रश्न लिहून नेते, टेस्टची क्वालिटी कशी होती, रेशो एलएलएनच्या खाली आहे का, मागच्या वेळेपेक्षा लिटरमध्ये किती फरक, आणि यामुळे औषधात काही बदलणार आहे का. शेवटचा सगळ्यात कामाचा, कारण बरेचदा उत्तर नाही असं असतं आणि मग आईला तेवढंच हवं असतं.

तीन महिने पंप नियमित घेतल्यावर तिची एफईव्ही वन १.७० आणि एफव्हीसी २.३५ आली, रेशो ७२. आता ती खुर्चीत बसायच्या आधीच टेक्निशियनला सांगते, मी लवकर थांबते हो, मला शेवटपर्यंत ओरडून सांगा.